लांब नाही

"हलू नकोस! हललास तर गोळी घालीन!"

ख्मेर भाषेत मी बोललेलं पहिलं अख्खं वाक्य हे. समोर दोन लोखंडी दांड्यांच्या मधे एक म्हातारा शेतकरी नव्या पायावर उभा होता. मी खाली बसून पट्टा आवळत होतो आणि तो सारखा चुळबुळ करत होता. माझं वाक्य ऐकून म्हातारा थिजला, आणि मग त्यानं सावकाश दोन्ही हात वर केले. रांगेत बसलेले सगळे लंगडे-थोटे असे खदाखदा हसले, की दारातल्या कोंबड्या फडफडत पळाल्या.

सगळ्यांत मोठ्यानं हसत होता सारेत. माझा भाषेचा गुरू.

ही चौऱ्याण्णव सालची गोष्ट. मी मोरेश्वर करडे, पुण्याच्या तांबट आळीतला. आमच्या बापजाद्यांनी बंब आणि घंगाळं ठोकली, मी ॲल्युमिनियमचे पाय ठोकायला शिकलो. एका धर्मादाय संस्थेनं कंबोडियात, बट्टमबांग गावी, सुरुंगानं पाय गेलेल्यांसाठी वर्कशॉप काढलं आणि मला तिकडे धाडलं. सत्ताविसाव्या वर्षी विमानात बसायला मिळतंय म्हटल्यावर मी फार चौकशी केली नाही. तिथं पोचल्यावर कळलं, की वीस-पंचवीस वर्षांच्या लढायांत त्या देशात भातापेक्षा सुरुंगच जास्त पेरले गेले होते.

दुभाषा आठवड्यातून एकदा यायचा. बाकीचे दिवस हातवारे आणि सारेत. बत्तीस वर्षांचा, शेलाटा, उजवा पाय गुडघ्याखालून गेलेला; सैन्यात असताना सरहद्दीवर गेला होता. स्वतः आमच्याच पायावर चालायचा आणि आमच्याकडे पावलांचं रबर कापायचा. त्याला मी 'बोंग सारेत' म्हणायचो. बोंग म्हणजे दादा. तो मला नुसतं 'मो' म्हणायचा, कारण मोरेश्वर म्हणताना त्याच्या जिभेची बोबडी वळायची.

सारेत पिक्चरचा वेडा. दुपारचं जेवण झालं की गाडीच्या बॅटरीवर छोटा टीव्ही लागायचा आणि हाँगकाँगच्या मारामारीच्या कॅसेटा सुरू व्हायच्या. त्यांना ख्मेरमधे आवाज दिलेला असे, आणि तोही सगळ्या पुरुषांना एकाच माणसाचा. मारणारा आणि मरणारा एकाच आवाजात ओरडायचे. सारेत मधेच कॅसेट थांबवायचा, वाक्य म्हणायचा, हातवाऱ्यांनी अर्थ सांगायचा आणि माझ्याकडून घोकून घ्यायचा. महिन्या-दोन महिन्यांत मला 'शस्त्र खाली टाक', 'माझ्या भावाचा सूड घेईन', 'दादा, डोळे मिटू नकोस' हे सगळं येऊ लागलं. मीठ मागायला मला खुणा कराव्या लागत, पण एखाद्याचं खानदान बुडवायची धमकी मी न अडखळता देई.

"हळू, मो," तो सारखा म्हणायचा. "ओरडतोस कशाला? हळू म्हण."

आता तांबट आळीत जन्मलेल्या माणसाला हळू बोलणं कसं जमणार? घराघरांत ठोकाठोकी चाललेली, तिच्यावर आवाज चढवल्याशिवाय आईला भाकरीसुद्धा मागता येत नाही. पण सारेतला माझ्या उच्चारांपेक्षा माझ्या आवाजाचीच फिकीर जास्त.

एके दुपारी अशाच एका पिक्चरमधे दरोडेखोर गावच्या म्हाताऱ्याला घरातून न्यायला आले. सारेतनं कॅसेट थांबवली नाही. टीव्हीचा आवाज मात्र अगदी बारीक केला.

"इथं आवाज खराब आहे," तो म्हणाला. "मी सांगतो ते म्हण."

आणि त्यानं एक वाक्य म्हटलं. इतकं मऊ, की मारामारीच्या पिक्चरमधे असं कोण बोलतं याचं मला नवल वाटलं. अर्थ सोपा होता. 'चला. लांब नाही. बरोबर काही घेऊ नका.' म्हणताना त्यानं डावा हात उताणा करून दाराकडे नेला, जसं आपण पाहुण्याला पानावर बोलावतो तसं. ते वाक्य त्यानं माझ्याकडून कितीतरी वेळा म्हणून घेतलं. कुठं थांबायचं, कुठं श्वास सोडायचा, सगळं. मी हात टेकले तरी त्याचं समाधान होईना. शेवटी एकदाचं जमलं तेव्हा तो हसला नाही. मान हलवली आणि टीव्ही बंद करून टाकला.

मी मात्र खूश. एवढ्या धमक्यांत पहिल्यांदा कामाचं काहीतरी हाती लागलं होतं. आमच्याकडे येणारी माणसं कुबड्या, गाठोडी, जेवणाचे डबे छातीशी धरून बाकावर बसत, आणि दांड्यांपाशी चालायला न्यायचं म्हटलं की त्या सामानाचं काय करावं हा मोठा प्रश्न. त्या दिवसांत इस्पितळातून तरणी सैनिक पोरं येत होती. मी डावा हात उताणा करून म्हणायचो, 'चला. लांब नाही. बरोबर काही घेऊ नका.' पोरं सामान ठेवून उठायची आणि चालायला लागायची. सारेत रबर कापायचं थांबवून बघत राहायचा. त्याच्या चेहऱ्यावर तेव्हा जे दिसायचं त्याला मी गुरूचं कौतुक समजत होतो.

मग येय हेन आली. येय म्हणजे आजी. पंचावन्नच्या आसपासची, वाळकी, केस बारीक कापलेले. लाकडं गोळा करताना डावा पाय गेला होता. गळ्यात चौकड्यांचं पंचासारखं फडकं, त्याला ते लोक क्रामा म्हणतात, आणि त्याच्या टोकाला गाठ मारून काहीतरी बांधलेलं. सकाळची वेळ होती, बाकावर दहा-पंधरा माणसं होती. मापाचा तात्पुरता पाय चढवण्याआधी तिला दांड्यांत उभी करून तोल बघायचा होता. मी पुढे गेलो, हात उताणा केला आणि अगदी गुरूनं शिकवल्यासारखं, हळू, म्हणालो,

"चला. लांब नाही. बरोबर काही घेऊ नका."

बाई माझ्याकडे बघत राहिली. मग तिनं क्राम्याची गाठ सोडली. आत एक ॲल्युमिनियमचा चमचा होता, दांडा झिजलेला. तो तिनं शेजारच्या अनोळखी बाईच्या हातात दिला आणि तिची मूठ स्वतःच्या हातानं मिटली. क्रामा काढून घडी घालून बाकावर ठेवला. कुबडीही ठेवली. मग भिंतीला धरून, एका पायावर उड्या मारत, ती चालू लागली.

"येय, इकडे," मी दांड्या दाखवत म्हणालो.

तिनं ऐकलं नाही. दांड्या ओलांडून ती दारातून बाहेर उन्हात गेली. अंगणात आंब्याचं झाड होतं, तिथवर पोचली आणि आमच्याकडे पाठ करून जमिनीवर बसली. दोन्ही हात पाठीमागे नेऊन तिनं मनगटं एकावर एक ठेवली आणि मान खाली घातली.

मी हसलो. खरंच हसलो, कारण मला वाटलं ही त्या शेतकऱ्यासारखीच गंमत करतेय. मग पाहिलं तर कुणीच हसत नव्हतं. बाकावरची म्हातारी माणसं जमिनीकडे बघत होती. जिच्या हातात चमचा होता ती बाई तोंडावर पदर धरावा तसा क्रामा धरून हुंदके देत होती. तरण्या पोरांना तेवढं काही कळलं नव्हतं. ती माझ्यासारखीच एकमेकांच्या तोंडाकडे बघत होती.

सारेत माझ्या बाजूनं बाहेर गेला. बाईच्या पुढ्यात जाऊन बसला आणि काहीतरी बोलला. तिनं मान वर केली. त्याच्या चेहऱ्याकडे ती इतका वेळ बघत होती, की मला वाटलं आता हा उठेल. तो उठला नाही. त्यानं हात जोडले आणि ते कपाळाच्याही वर नेले. तिथं एवढ्या वर हात फक्त भिक्षूंपुढे आणि देवापुढे नेतात. बाईनं एकच प्रश्न विचारला. त्यानं मान खाली घातली.

मग ती त्याचा हात न धरता उठली, परत आत आली आणि शेजारणीकडून आपला चमचा मागून घेतला.

त्या दुपारी टीव्ही लागला नाही. सारेत मागच्या शेडमधे रबराच्या ढिगावर बसला होता.

"बोंग, ते वाक्य कुठल्या पिक्चरमधलं?" मी विचारलं. मोडकं ख्मेर, मोडकं इंग्रजी, आमची नेहमीची खिचडी.

"कुठल्याच नाही."

"मग?"

"माझं आहे. मी म्हणायचो."

पंचाहत्तर साली काळ्या कपड्यांतली माणसं त्या देशावर राज्य करायला आली, हे मला ऐकून माहीत होतं. शहरं रिकामी केली, सगळ्यांना शेतावर जुंपलं, भांडी-कुंडी काढून घेतली आणि एकाच मुदपाकखान्यात पेज वाढली. माणसाची स्वतःची मालमत्ता म्हणजे एक चमचा. चष्मा घातला म्हणून, दोन मुठी भात चोरला म्हणून माणसं मारायला नेली जायची. न्यायला कोण यायचं हे मात्र मी कधी विचारलं नव्हतं.

"पंधरा वर्षांचा होतो," सारेत म्हणाला. "माझा आवाज मऊ होता, म्हणून मला निवडलं. ओरडणारा गेला की माणसं पळतात, पोरं रडतात. मऊ बोललं की उठून चालायला लागतात. मी मारलं नाही कुणाला, मो. मी फक्त बोलवायला जायचो. शेताच्या बांधापर्यंत. पुढे दुसरे असायचे."

"किती माणसं?"

त्यानं ढिगातला रबराचा एक तुकडा उचलला.

"आणि मला कशाला शिकवलंस ते? मला?" माझा आवाज चढला होता. माझी जीभ धुऊन टाकावीशी वाटत होती.

तो हातातल्या रबराकडे बघत राहिला. "तुझ्या तोंडी चांगलं वाटायचं," तो म्हणाला. "तू म्हणायचास, आणि ती पोरं उठून चालायला लागायची. खरोखरीच लांब नसायचं. चालून परत बाकावर यायची, सामान तिथंच असायचं. मला ते पुन्हा पुन्हा बघावंसं वाटायचं."

मला त्याची किळस आली आणि कीवही आली, आणि दोन्ही एकाच वेळी आल्यामुळे मी तिथून उठूनही जाऊ शकलो नाही.

"तिनं काय विचारलं?"

"कुठं, एवढंच. नवरा आणि मुलगा. आधी नवऱ्याला बोलावलं, काही दिवसांनी मुलाला. मला दोघेही आठवतात. मुलानं त्याचा चमचा तिच्याकडे दिला होता."

पुढचं मला तुकड्यातुकड्यांनी कळलं. त्यांच्याकडे आपल्या पितृपक्षासारखेच पंधरा दिवस असतात, आणि तेही त्याच सुमाराला. मेलेले लोक भुकेले होऊन देवळादेवळांत आपल्या माणसांनी ठेवलेला भात शोधत फिरतात म्हणे. सात देवळांत भात मिळाला नाही तर शाप देतात. येय हेन दर वर्षी भात टाकायची, पण जिथं ती माणसं पडली तिथली मूठभर माती देवळात आणून ठेवल्याशिवाय त्यांना वाट कशी सापडणार, असं तिच्या मनानं घेतलं होतं. आणि ती जागा कुठली हे सांगू शकणारा जिवंत माणूस एकच होता.

"सांग तिला आणि मोकळा हो," मी म्हणालो.

"सांगून सापडणार नाही. दाखवावं लागेल."

"मग दाखव."

"नंतरच्या लढाईत त्या बांधाच्या दोन्ही अंगांना सुरुंग पेरलेत," तो म्हणाला. "मीच पेरलेत काही. सैन्यात असताना."

सुरुंग काढणारं पथक आहे, त्यांना सांगू, असं मी म्हणालो. त्यानं बोटानं हवेत एक मोठा गोल काढला. एवढा मुलूख साफ करायचाय त्यांना; आपल्या बांधाची पाळी यायला दहा वर्षं. आणि पितृपक्ष तोंडावर आला होता.

येय हेनचा पाय त्यानं स्वतः केला. नळी ठोकायचं काम माझं, तेवढंच मला करू दिलं. मी पत्रा हातोडीनं मठारत होतो आणि ठोक्यागणिक वाटत होतं, हा पाय पुरा झाला की हा माणूस जाणार. पण पाय अर्धा ठेवला तर बाई आयुष्यभर कुबडीवर. शेवटी तो पुरा झाला. मी केलेल्या पायांत त्याच्याइतका नीट बसलेला दुसरा आठवत नाही.

पाय चढवायला सारेत तिच्यापुढे खाली बसला. त्या लोकांत डोकं सगळ्यांत पवित्र आणि पाय सगळ्यांत हीन. म्हाताऱ्या बायका तर कुणी आपल्या पायाशी डोकं वाकवलं की कावऱ्याबावऱ्या होऊन माफी मागत. येय हेननं काही मागितलं नाही. तो तिच्या थोट्या पायावर मान वाकवून पट्टे बांधत होता आणि ती त्याच्या टाळूकडे बघत होती. पट्टा आवळून झाला. तिनं दांड्यांत दोन फेऱ्या मारल्या, तिसरी दांडी न धरता मारली. मग ती त्याच्यासमोर येऊन उभी राहिली. डावा हात उताणा केला.

"चल," ती म्हणाली. अगदी हळू. "लांब नाही. बरोबर काही घेऊ नकोस."

सारेत उठला. कमरेची सुरी काढून बाकावर ठेवली. जेवणाच्या डब्यातून आपला चमचा काढला आणि माझ्या हातात दिला.

ती दोघं दाराबाहेर पडली. पुढे तो, मागे ती, दोघांच्याही चालण्यात एकाच वर्कशॉपचा झोक. मला त्याला थांबवायचं होतं. मिनतवारी करायची होती, पाया पडायचं होतं. पण मिनतवारीचे शब्द मला कुणी शिकवलेच नव्हते. तोंडाला आलं ते पिक्चरमधलंच.

"थांब!" मी दारातून ओरडलो. "एक पाऊल पुढे टाकलंस तर मरशील!"

रस्त्यावरची माणसं वळून बघू लागली. या वेळी वाक्य चुकीच्या जागी पडलं नव्हतं, पण हसलं कुणीच नाही. सारेत थांबला.

"हळू, मो," तो म्हणाला. "हळू म्हण."

मी हळू म्हणालो. माझा आवाज इतका मऊ मला कधीच लागला नव्हता. "एक पाऊल पुढे टाकलंस तर मरशील, बोंग."

"आता बरोबर," तो म्हणाला, आणि गेला.

दिवस मावळताना येय हेन एकटीच परत आली. नव्या पायाला गुडघ्यापर्यंत चिखल होता. तिनं बाकावर बसून पाणी मागितलं. दुभाष्याला निरोप धाडून बोलावून घेतलं, पण तिनं जे सांगितलं त्यातलं पुष्कळसं मला आधीच कळलं होतं. सारेत बांधावरून पुढे चालला आणि तिला म्हणाला, माझ्या पावलांवर पाऊल ठेव. एका जागी तिला उभी करून तो खाली उतरला, नवऱ्याच्या जागेची मूठभर माती आणून तिच्या क्राम्यात बांधली. मुलाची जागा आणखी थोडी पुढे होती. ती आणायला तो दुसऱ्यांदा उतरला.

आवाज झाल्यावर ती बराच वेळ तिथंच उभी होती. मग त्याची पावलं चिखलात दिसत होती त्यांच्यावर पाय ठेवत ठेवत मागे आली.

तिच्या क्राम्याला मातीची एकच गाठ होती. मी ती बघत होतो आणि माझ्या हातात अजून त्याचा चमचा होता. मी पोरासारखा रडलो. ती रडली नाही, आणि मला रडू नको असंही म्हणाली नाही.

त्याला आणायला कुणी उतरलं नाही. उतरणार कोण?

मी त्यानंतर दोन वर्षं तिथं होतो. भाषा नंतर बाजारात शिकलो, मीठ-साबणापासून. त्या कॅसेटा मात्र एकदा पुन्हा लावल्या. दरोडेखोर म्हाताऱ्याला न्यायला येतात तो भाग काढला आणि आवाज मोठा केला. एकाच माणसाच्या त्या आवाजात दरोडेखोर म्हणत होता, 'चल रे म्हाताऱ्या कुत्र्या, तंगडं मोडीन!' आवाज काही खराब नव्हता.

त्या वर्षी त्यांच्या पितृपक्षात येय हेन मला देवळात घेऊन गेली. उजाडायच्या आत तिथं भाताचे गोळे टाकतात. भुकेल्या मेलेल्यांना उजेड सोसत नाही म्हणे. ती देवळाभोवती माझ्या पुढे चालत होती, पट्टा थोडा करकरत होता. नवऱ्याचं नाव घेऊन तिनं एक गोळा टाकला. मुलाचं नाव घेऊन दुसरा. मग थांबली, आणि तिसरा गोळा सगळ्यांत लांब, भिंतीपलीकडच्या गवतात फेकला. नाव घेतलं नाही.

मला भरून आलं. मी तिच्या पायाला हात लावायला वाकणार होतो. तिच्या मनाच्या मोठेपणाबद्दल काहीतरी बोलायला मी माझे नवे, बाजारात शिकलेले शब्द जुळवत होतो.

"येय," मी म्हणालो, "तुम्ही त्याला माफ केलंत?"

तिनं माझ्याकडे बघितलं नाही. बोटांना चिकटलेला भात ती क्राम्याला पुसत होती.

"त्याचं पोट भरलं नाही," ती म्हणाली, "तर तो परत बोलवायला येईल."